आपली कंची?

2025 च्या संक्रांतीला मी कड्याला गेलो होतो. तिळगूळ द्यायला म्हणून संध्याकाळी मामांकडे डोकावलो, तर मामा टीव्हीसमोर. दूरदर्शनच्या खेळांच्या चॅनेलवर हॉकी चालू होती. बंद पडलेली हॉकी इंडिया लीग सात वर्षांनी पुन्हा सुरू झाली होती, आणि मामांना ती रिमोटची बटणं दाबता दाबता सापडली होती. पंधरा-वीस मिनिटं आम्ही दोघं काही न बोलता बघत बसलो. मग मामांनी विचारलं, "ह्यात आपली कंची?"

मी मोबाइल काढून यादी वाचली. दिल्ली एसजी पायपर्स, हैदराबाद तूफान्स, कलिंगा लान्सर्स, सूरमा हॉकी क्लब, तमिळनाडू ड्रॅगन्स, यूपी रुद्राज, श्राची राढ बंगाल टायगर्स, टीम गोनासिका. आठ संपले.

"मुंबईची?"

"नाही."

"पुण्याची तरी?"

"मामा, महाराष्ट्राचीच नाही."

मामांनी आवाज कमी केला, चॅनेल मात्र बदललं नाही. "मंग बघायचं कुनासाठी?"

मी हसलो आणि तिळगुळाचा डबा पुढे केला. पण परतताना नगरपर्यंतच्या गाडीत तो प्रश्न डोक्यात फिरत राहिला. कारण या प्रश्नाला एकेकाळी उत्तर होतं. उलट जरा जास्तच उत्तरं होती.

मामा खडकीच्या बॉम्बे सॅपर्समधून रिटायर झालेले. फौजेत ते हॉकी खेळले, म्हणजे आपल्या युनिटपुरती. पेन्शन घेऊन गावी आले तेव्हा ट्रंकेत दोन स्टिका होत्या. त्यातली एक पुढे कुत्रं हाकायच्या कामी आली, दुसरी अजून माळ्यावर आहे. धनराज पिल्ले त्याच खडकीचा, दारूगोळा कारखान्याच्या वसाहतीत वाढलेला. त्यामुळे मामा धनराजबद्दल बोलतात ते शेजारच्या पोराबद्दल बोलावं तसं. आमच्या भागात हॉकी बघणारा माणूस म्हणजे मामा. दुसरा मी, आणि मी त्यांच्यामुळे.

आपल्याकडे खेळावर लिहिताना खेळाडूवर लिहितात, सामन्यावर लिहितात, फार तर कॉमेंट्रीवर लिहितात. खेळ आपल्या घरात कुठून आणि कसा पोहोचतो यावर फारसं कुणी लिहीत नाही. मला वाटतं महाराष्ट्रातल्या व्यावसायिक हॉकी संघांची गोष्ट तिथूनच लिहायला हवी. हे संघ मैदानात हरण्याआधी रिमोटवर हरवले होते.

बारा वर्षं, पाच नावं

पहिला संघ आला 2005 च्या जानेवारीत. प्रीमियर हॉकी लीगमधला मराठा वॉरियर्स, आणि त्यात आमचा धनराज. तेव्हा क्रिकेटची आयपीएल सुरू व्हायला तीन वर्षं होती, म्हणजे शहरांच्या आणि प्रांतांच्या नावाने संघ काढून लीग खेळवायची कल्पना हॉकीने आधी करून बघितली होती. सामने ईएसपीएनवर. पहिला हंगाम सगळा हैदराबादला झाला. मी पहिलीत होतो. मला आठवतं ते एवढंच की आमच्याकडे संध्याकाळी भारनियमन असायचं आणि मामा सायकलवर बाजारपेठेतल्या एका दुकानात जायचे, कारण तिथे इन्व्हर्टर होता. एकदा मला दांडीवर बसवून घेऊन गेले. दुकानदार क्रिकेटचा जुना सामना बघत होता. मामांनी विनंती करून चॅनेल बदलून घेतलं, आणि दहा मिनिटांत चार गिऱ्हाइकांनी परत बदलायला लावलं. लीग 2008 मध्ये संपली.

दुसरा आणि तिसरा संघ एकदम आले, 2012 मध्ये. वर्ल्ड सिरीज हॉकी. 29 फेब्रुवारी ते 2 एप्रिल. त्यात महाराष्ट्राचे दोन संघ: मुंबई मरीन्स आणि पुणे स्ट्रायकर्स. पुणे स्ट्रायकर्स तर अंतिम फेरीत गेला. सामना मुंबईच्या महिंद्रा स्टेडियमवर, म्हणजे चर्चगेटच्या हाकेच्या अंतरावर, आणि शेर-ए-पंजाबने तो 5-2 असा जिंकला. चॅनेल होतं निओ. आमच्या केबलवाल्याकडे ते कधी असायचं, कधी त्या जागी भक्तिगीतं लागायची. मी आठवीत होतो आणि अंतिम सामन्याचा निकाल मला दुसऱ्या दिवशी पेपरातल्या एका चौकोनात वाचायला मिळाला. या लीगला आंतरराष्ट्रीय हॉकी महासंघाची मान्यता नव्हती, हॉकी इंडियाचीही नव्हती. एका हंगामात ती संपली, आणि तिच्याबरोबर दोन्ही संघही.

चौथा संघ 2013 चा. हॉकी इंडियाने स्वतःची लीग काढली, त्यात मुंबई मॅजिशियन्स. चॅनेल परत ईएसपीएन-स्टारकडे. सुरुवातीलाच सीमेवरच्या तणावामुळे लीगमधले नऊ पाकिस्तानी खेळाडू परत पाठवले गेले, त्यातले चार मुंबईचे होते. संघ त्या हंगामात तळाला राहिला. तोवर मी नववीत गेलो होतो. "पुढच्या वर्षी दहावी" या एका वाक्यावर घरातला टीव्ही जानेवारीपासूनच माझ्यासाठी बंद झाला होता. वर्षअखेरीस ईएसपीएन हे नावच आपल्या पडद्यावरून गेलं, ते चॅनेल स्टारच्या आकड्यांत मिसळून गेलं. मामा बरेच दिवस "इएस्पेन कुठं गेलं" विचारत होते.

पाचवा दबंग मुंबई, 2015 पासून. याची गोष्ट मला सगळ्यात जवळची, कारण 2017 चा हंगाम मी पुण्यात हॉस्टेलवर, फोनवर पाहिला. जिओचा डाटा फुकट होता, आणि इंजिनीअरिंगच्या पहिल्या वर्षाला असलेल्या पोराला फुकट डाटा मिळाला की तो हॉकीसुद्धा बघतो. जर्मनीचा फ्लोरियन फुक्स कप्तान, आणि पेनल्टी कॉर्नरला हरमनप्रीत सिंग, जो पुढे भारताचा कप्तान झाला. संघ अंतिम फेरीत पोहोचला. 26 फेब्रुवारी 2017, चंडीगड, समोर कलिंगा लान्सर्स. रात्री मी मामांना फोन केला.

"चार-एक हरलो मामा."

"चार गोल खाल्ले?"

"चार गोल नाही. मैदानी गोलाला दोन धरतात या लीगमध्ये."

"आसं कुठं आस्तंय का!"

मामांना वाटलं मी नीट बघितलंच नाही. त्यांच्याकडे तेव्हा साधा फोन होता आणि घरच्या टीव्हीवर ते चॅनेल नव्हतं. मी बघत होतो पण मला त्यातलं फार कळत नव्हतं, आणि ज्यांना कळत होतं त्यांना दिसत नव्हतं. त्यानंतर लीगच बंद पडली.

बारा वर्षांत पाच नावं. मराठा वॉरियर्स, मुंबई मरीन्स, पुणे स्ट्रायकर्स, मुंबई मॅजिशियन्स, दबंग मुंबई. तीन आयोजक, तीन चॅनेल-घराणी, आणि मोजणीच्या पद्धतीही वेगवेगळ्या. प्रत्येक वेळी प्रेक्षकाने शून्यापासून सुरुवात करायची. आमच्या धंद्यात याला जुनं व्हर्जन बंद करून युजरला सांगायचं विसरणं म्हणतात.

पडद्यावर काय दिसायचं

इथे हॉकीच्या बाजूनेही थोडं बोललं पाहिजे. हा खेळ टीव्हीवर दाखवायला अवघड आहे. चेंडू क्रिकेटच्या चेंडूएवढा, पण तो जमिनीलगत पळतो, आणि स्टिका, पाय, पाण्याचे फवारे यांच्यात क्षणोक्षणी लपतो. क्रिकेटमध्ये दोन चेंडूंच्या मध्ये कॅमेऱ्याला श्वास घ्यायला वेळ मिळतो. हॉकीत पंचाची शिट्टी वाजली तरी खेळाडू स्वतःलाच चेंडू सोडून पुढे निघालेला असतो.

हॉकीने टीव्हीसाठी स्वतःला किती वाकवलं याची यादी मोठी आहे. 2005 च्या त्या पहिल्या लीगमध्येच 35-35 मिनिटांच्या दोन डावांऐवजी साडेसतरा मिनिटांचे चार भाग केले होते, म्हणजे जाहिरातींना जागा. लंडन ऑलिम्पिकला, 2012 मध्ये, मैदान निळं झालं, कडेला गुलाबी पट्टा आला आणि चेंडू पिवळा झाला. हे सगळं पडद्यावर चेंडू दिसावा म्हणून. मैदानी गोलाला दोन गुण देण्यामागेही हाच विचार होता: नुसते पेनल्टी कॉर्नर मारत बसू नका, लोकांना आवडेल असं खेळा.

समीक्षा म्हणून बघितलं तर यातले पहिले दोन बदल चांगले आणि तिसरा फसलेला. निळ्यावर पिवळा चेंडू मामांच्या जुन्या डब्बा टीव्हीवरसुद्धा दिसतो, हे मी स्वतः पाहिलं आहे. चार भाग केल्याने सामन्याला टप्पे येतात, बघणाऱ्याला मध्ये उठून चहा टाकता येतो. पण दुप्पट गुणांच्या नियमाने एक साधी गोष्ट मोडली. मध्येच चॅनेल लावणाऱ्या माणसाला कोपऱ्यातला आकडा बघून कळलं पाहिजे की काय झालंय. खेळाशी नातं जुळायची ती पहिली पायरी. आकडाच फसवा झाला तर मामांसारखा जाणकारही बाहेर फेकला जातो. लीग परत आली तेव्हा गोलाचा एकच गुण होता, हे बरं झालं.

तरीही माझी मूळ तक्रार कॅमेऱ्याबद्दल नाही. चेंडू दिसेल अशी सोय करण्यात या खेळाने वीस वर्षं घालवली. संघ सापडेल अशी सोय करायचं राहून गेलं.

कबड्डीला जमलं ते

याच काळात, याच टीव्हीवर, आमच्या घरात एक संघ घट्ट बसला. 26 जुलै 2014 ला वरळीच्या डोममध्ये प्रो कबड्डी सुरू झाली आणि पहिल्याच सामन्यात यू मुंबा होता. पहिल्या वर्षी अंतिम सामन्यात जयपूरकडून हरला, दुसऱ्या वर्षी जिंकला. माझी आई, जिने आयुष्यात क्रिकेटचा एक अख्खा सामना पाहिलेला नाही, ती रात्री भाकरी थापताना "मुंबाचं काय झालं" विचारायला लागली. पुढे तिचा जीव पुणेरी पलटणवर गेला, आणि 1 मार्च 2024 ला पलटणने हरियाणाला 28-25 असं हरवून पहिल्यांदा लीग जिंकली तेव्हा तिने मला रात्री झोपेतून उठवून फोनवर सांगितलं.

लगेच कुणी म्हणेल, कबड्डी गावोगावी खेळतात, हॉकीचं तसं नाही. बरोबर आहे. कड्याच्या कुठल्याही शाळेच्या मैदानावर कबड्डीचं मैदान फक्कीने आखलेलं दिसेल. हॉकीची स्टिक बघितलेली पोरं हाताच्या बोटांवर मोजता येतील. हा फरक मोठा आहे आणि तो टीव्हीने भरून काढावा अशी अपेक्षा अन्यायाची होईल.

पण यू मुंबा आणि पुणेरी पलटण ही नावं 2014 पासून आजपर्यंत तीच आहेत, हेही तेवढंच खरं. आणि ती नावं आईच्या तोंडात बसतात. 'मुंबा' आणि 'पलटण' हे शब्द तिचेच आहेत. 'स्ट्रायकर्स' आणि 'मॅजिशियन्स' म्हणायला तिला दात नीट बसवावे लागतात. सामना रात्री जेवणाच्या वेळेला, रोज, त्याच चॅनेलवर. प्रसारण करणाऱ्या स्टारने लीग चालवणाऱ्या मशाल स्पोर्ट्समध्येच मोठा हिस्सा घेतला, त्यामुळे दाखवणाऱ्याचा जीवही त्यात अडकला.

अर्थात नुसती मालकी पुरत नाही. वर्ल्ड सिरीज हॉकीची आयोजक निंबस आणि तिचं प्रसारण करणारं निओ एकाच घरातले. पण भारतातल्या क्रिकेट सामन्यांचे हक्क डिसेंबर 2011 मध्ये निंबसच्या हातून गेले होते. ज्या चॅनेलवर क्रिकेट उरलं नाही, ते चॅनेल केबलवाला कशाला जपेल? हॉकी तिथे आली तेव्हा घर रिकामं व्हायला लागलं होतं.

बर्फावरच्या हॉकीतलं एक उदाहरण इथे सांगण्यासारखं आहे. अमेरिकेतला शिकागो ब्लॅकहॉक्स हा जुना, नामांकित संघ. त्याचे मालक बिल वर्ट्झ यांचा आग्रह असा की घरच्या मैदानावरचे सामने शिकागोच्या टीव्हीवर दाखवायचे नाहीत. फुकट दाखवलं तर तिकीट कोण काढेल? वर्षानुवर्षं शिकागोच्या माणसाला स्वतःच्या गावात चाललेला स्वतःच्या संघाचा सामना घरी बघता आला नाही. 2007 मध्ये ते वारले, मुलगा रॉकी याच्याकडे सूत्रं आली आणि घरचे सामने टीव्हीवर यायला लागले. 2010 मध्ये संघ स्टॅन्ली कप जिंकला, 2013 आणि 2015 मध्ये परत. टीव्हीमुळे कप मिळाला असं मी म्हणणार नाही, तो चांगल्या पोरांमुळे मिळाला. पण ती पोरं खेळत असताना गाव ती बघत होतं.

शिकागोत संघ होता, पडदा बंद होता. आपल्याकडे पडद्यावर पडदे उघडत गेले, आणि प्रत्येक वेळी मागे वेगळाच संघ उभा.

कायद्याला 'आपला' कळत नाही

आता कुणी म्हणेल की खेळ लोकांपर्यंत पोहोचावा म्हणून आपल्याकडे कायदा आहे. आहे. आणि तो वाचण्यासारखा आहे.

1995 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने क्रिकेट असोसिएशन ऑफ बंगालच्या खटल्यात सांगितलं की हवेतल्या लहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे. पुढे 2007 चा कायदा आला. राष्ट्रीय महत्त्वाचे म्हणून सरकारने ठरवलेले सामने ज्या खासगी चॅनेलकडे असतील, त्याने त्याचं प्रक्षेपण प्रसार भारतीला द्यायचं. म्हणूनच भारताचे क्रिकेटचे सामने मामांसारख्या फ्री डिशवाल्यांना बघायला मिळतात.

2017 च्या ऑगस्टमध्ये सर्वोच्च न्यायालयाने यातली हद्द आखली. असं वाटून मिळालेलं प्रक्षेपण दूरदर्शनने स्वतःच्या मनोऱ्यांवरून आणि स्वतःच्या फ्री डिशवरून दाखवायचं, खासगी केबल आणि डीटीएचवाल्यांनी ते पुढे न्यायचं नाही. म्हणजे एकाच गल्लीत मामांच्या पत्र्यावरच्या छत्रीला जे फुकट दिसतं, ते महिन्याला पैसे भरणाऱ्या आमच्या केबलला दूरदर्शनच्याच चॅनेलवर दिसत नाही. ज्याने हक्कांना कोट्यवधी मोजले त्याचं नुकसान होऊ नये, हा त्यामागचा विचार. कायद्याच्या भाषेत तो पटतोही. कड्यातल्या माणसाला मात्र हे समजावून सांगताना माझी पुरती दमछाक झाली आहे.

2019 च्या फेब्रुवारीत ट्रायची नवी दरपद्धत आली. तेव्हा 130 रुपये अधिक कर, त्यात शंभर चॅनेल होती, वरचं हवं तेवढं निवडून घ्यायचं. खेळांची मोठी चॅनेल तेव्हा महिन्याला 19 रुपयांपर्यंत होती. स्वातंत्र्य मिळालं, पण निवड करायला आधी माहीत पाहिजे की आपल्याला हवं ते कुठे आहे. जो संघ कुठे दिसतो हेच ठाऊक नाही, त्याच्यासाठी 19 रुपये कोणत्या चॅनेलवर लावायचे?

आणि या सगळ्या यंत्रणेत दोनच खाणी आहेत. एक 'राष्ट्रीय महत्त्वाचं', ते सरकार वाटून देईल. दुसरं 'विकत घ्या'. मधलं एक खाणं कुठेच नाही: 'आपलं'. पुण्याचा संघ अंतिम फेरीत आहे ही गोष्ट राष्ट्रीय नसेल, पण बीड, नगर, साताऱ्याला तिचं काही वाटू शकतं. शहराच्या नावाने संघ विकणाऱ्या लीगचा सगळा डोलारा त्या 'काहीतरी वाटण्यावर'च उभा असतो. ते वाटणं जपायची जबाबदारी मात्र कुणावरच नाही.

2025 ची लीग या बाबतीत दोन पावलं पुढे होती आणि एक मागे. सामने दूरदर्शनवर होते, सोनीवर होते, प्रसार भारतीच्या नव्या वेव्हज अ‍ॅपवरही होते. इतक्या दारांनी हॉकीची लीग घरात कधी आली नव्हती. पण सामने होत होते राऊरकेला आणि रांचीत. हैदराबादचा संघ हैदराबादेत खेळला नाही, तमिळनाडूचा चेन्नईत नाही. गावाचं नाव जर्सीवर, गाव घरी. आणि महाराष्ट्राचं तर नावही नाही.

26 जानेवारी

आता मुख्य गोष्ट.

त्या वर्षी पहिल्यांदाच बायकांचीही लीग झाली. चार संघ, रांचीत. अंतिम सामना 26 जानेवारीला, रविवारी. आम्ही तो बघितला नाही. मी पुण्याला परत आलो होतो आणि मामा एका लग्नाला गेले होते, पण खरं कारण ते नव्हे. सामना आहे हेच आम्हाला माहीत नव्हतं. मी दिवसातून दहा तास कॉम्प्युटरसमोर असतो, फोनमध्ये चार अ‍ॅप आहेत जी मला जगभरातल्या खेळांच्या बातम्या टोचून टोचून सांगतात. त्यातलं एकही बोललं नाही. यात अ‍ॅपचा दोष म्हणावा तर मी असली अ‍ॅप बनवणाऱ्यांपैकीच. ती जे आधी बघितलं तेच पुढे करतात. जे कधी नीट बघायलाच मिळालं नाही, ते मी मागितलेलंही नसतं, मग ते पुढे येतंच नाही.

दुसऱ्या दिवशी जेवायच्या सुट्टीत एक छोटी क्लिप समोर आली. ओडिशा वॉरियर्सने सूरमाला 2-1 हरवलं. दोन्ही गोल एकाच पोरीचे, दुसरा तर सामना संपायला काही मिनिटं असताना. खाली नाव: ऋतुजा दादासो पिसाळ.

'दादासो' वाचलं आणि मी घास तसाच धरून बसलो. बाकी देशाला ते एक मधलं नाव असेल. आपल्याला त्या एका अक्षराच्या 'सो'वरून जिल्हा कळतो. सातारा जिल्ह्यातली पोरगी. पहिल्यावहिल्या लीगच्या अंतिम सामन्यातले विजयी संघाचे दोन्ही गोल तिने मारले, आणि महाराष्ट्रातला हॉकीवेडा माझा मामा लग्नाच्या पंगतीत बसला होता. सातारा जिल्ह्यातून तर गेल्या काही वर्षांत वैष्णवी फाळके, अक्षता ढेकळे अशा पोरी भारताकडून खेळल्या. म्हणजे खेळणारे आपल्याकडे आहेत. ज्याच्यासाठी ओरडावं असा संघ तेवढा नाही.

हे नवीनही नाही. मुंबईचा युवराज वाल्मीकी आठवा. 2011 च्या आशियाई चॅम्पियन्स ट्रॉफीत पाकिस्तानविरुद्ध निर्णायक फटका मारणारा. तेव्हा बातम्या आल्या होत्या की मरीन लाइन्सजवळच्या त्याच्या घरात वीजच नाही. पोरगा देशासाठी जिंकतोय आणि घरच्यांना टीव्ही लावायला बटण नाही. पुढे लीग आली तेव्हा मुंबईला स्वतःचा संघ होता, पण युवराज खेळला दिल्लीकडून. लिलावात असं होतं, त्यात कुणाची चूक नाही. पण बघणाऱ्याने 'आपलं' शोधायचं कुठे, जर्सीवरच्या गावात की पाठीवरच्या नावात?

संध्याकाळी मी मामांना फोन लावला आणि क्लिपही पाठवली. आता त्यांच्याकडे स्मार्टफोन आहे, नातवाने घेऊन दिलेला. थोड्या वेळाने त्यांचाच फोन आला. क्लिप त्यांनी तीनदा बघितली होती.

"पोरगी आपल्याकडची?"

"साताऱ्याकडची."

"मंग ही व्हती की आपली." थोडं थांबून म्हणाले, "तू त्या दिशी यादी वाचली, तवा हिचं नाव नाय वाचलं."

मी पुरुषांच्या संघांची यादी वाचली होती. संघांची नावं वाचली होती, माणसांची नाही. यावर मला काही बोलता आलं नाही.

आमच्या कामात एक साधा नियम पाळतात. एखादी सोय अ‍ॅपमध्ये आहे पण वापरणाऱ्याला ती सापडत नाही, तर ती बनवलीच नाही असं धरायचं. "आहे की, सेटिंगमध्ये जाऊन बघा" हे उत्तर चालत नाही. हॉकी दाखवणाऱ्यांनी हा नियम लावून बघावा. सामना प्रसारित झाला, हक्क विकले गेले, अ‍ॅपवर लिंक होती, सगळं खरं. पण ज्याला तो बघायचा होता, ज्याला त्यातलं कळतं, त्याला तो सापडला का?

मागणं फार नाही. महाराष्ट्रातून एक संघ उभा राहिला तर त्याचं नाव दहा वर्षं तेच ठेवा, हरला तरी. सामन्याची वेळ आणि चॅनेल हंगामभर हलवू नका. आणि कुठल्याही संघात खेळत असो, आपल्या पोरा-पोरींची नावं सामन्याच्या आधी घ्या, मराठीत घ्या, साताऱ्याच्या आणि कड्याच्या माणसाला ऐकू जातील अशी.

मामांच्या घरी टीव्हीशेजारच्या भिंतीवर पेन्सिलने आकडे लिहिलेले आहेत. फ्री डिशचे चॅनेल नंबर बदलतात, बॉक्स पुन्हा रिट्यून करावा लागतो, मग मामा जुन्या आकड्यावर काट मारून खाली नवा लिहितात. वर फक्त एक अक्षर: 'हॉ'. गेल्या वेळी गेलो तेव्हा मोजले. सहा आकड्यांवर काट होती. सातव्याच्या शेजारी नवीन काहीतरी लिहिलं होतं, अक्षर मामांचंच.

पिसाळ.